पगार नको, फक्त रजा द्या!

आज थोडं माझंच सांगतो.

मी केंद्र सरकारच्या एका ऑफिसात क्लार्क आहे. काही वर्षांपूर्वी डोक्यात यूपीएससीचं भूत शिरलं. वर्षभर बिनपगारी रजेचा अर्ज लिहिला, आवक शाखेत दिला, पोच घेतली आणि आठवड्याभरात दिल्लीची गाडी पकडली. माझा हिशोब सरळ होता. मी पगार मागतच नाही, मग सरकारचं जातंय काय?

जातं ना. माझी जागा कागदावर भरलेलीच राहते, बदली माणूस मिळत नाही आणि माझ्या फायली शेजारच्या मॅडमच्या टेबलावर जातात. हे तेव्हा सुचलंच नाही, खरं सांगतो.

दोन महिन्यांनी घरी मेमो आला. बाबांनी व्हॉट्सॲपवर फोटो पाठवला. 'अनधिकृत गैरहजेरी, शिस्तभंगाची कारवाई का करू नये?' पोटात गोळाच आला. परतीच्या गाडीत, मोबाईलवर, आयुष्यात पहिल्यांदा नियम वाचले. केंद्रीय नागरी सेवा (रजा) नियम, १९७२.

बिनपगारी रजेला तिथे 'असाधारण रजा' म्हणतात, नियम ३२. ती विशेष परिस्थितीतच मिळते: दुसरी रजा शिल्लक नसेल तर, किंवा असूनही तुम्ही लेखी हीच मागितली तर. मिळते म्हणजे मिळू शकते. नियम ७ सरळ सांगतो, रजा हा हक्क नाही. नोकरीत अजून कायम नसाल तर एरवी एका वेळी तीनच महिने. आजारपण, उच्च शिक्षण यांच्या मुदती वेगळ्या.

आणि नियम १२: सलग पाच वर्षांहून जास्त कुठलीच रजा नाही. रजेवर असा किंवा रजेशिवाय, पाच वर्षांच्या वर गैरहजर राहिलात तर राजीनामा दिला असं धरतात. अपवाद फक्त राष्ट्रपतींच्या हातात. गंमत बघा, मला जे आयएएस व्हायचं होतं, त्यांच्या नियमात मंजूर रजा संपल्यावर एक वर्ष विनापरवानगी गायब राहिलं तरी हीच वेळ येते!

अर्थात, आधी बाजू मांडायची संधी द्यावीच लागते. जोधपूर जेलचा एक हेड वॉर्डर रजा संपूनही परतला नाही म्हणून त्याची नोकरी आपोआप गेली, असं धरलं होतं. सुप्रीम कोर्टाने ते मान्य केलं नाही. न विचारता काढणं संविधानाच्या कलम ३११ मध्ये बसत नाही, असं कोर्ट म्हणालं. २०१२ मध्ये, कृष्णकांत परमार खटल्यात, गैरहजेरी जाणूनबुजून होती हे सिद्ध करायला हवं, असंही सांगितलं.

पण माझी तर जाणूनबुजूनच होती! साहेब म्हणाले, "अरे, अर्ज दिला म्हणजे रजा मंजूर झाली का?" मी खाली मान घालून माफीनामा लिहिला. ते दोन महिने शेवटी असाधारण रजेत बदलून दिले, तसा अधिकार त्यांना नियमानेच आहे. पगार गेला, वेतनवाढीच्या हिशोबात ते दिवस धरले नाहीत आणि एनपीएसमध्ये त्या काळात काहीच जमा झालं नाही.

पुढच्या वर्षी साठलेल्या अर्जित रजेतून चाळीस दिवस मागितले. तारखा, कारण, रजेतला पत्ता, सगळं लिहिलं. ऑर्डर हातात पडल्यावरच तिकीट काढलं. प्रिलिम निघाली, मेन्स नाही. मॅडमना पेढे मात्र दोनदा दिले.