सजातीयांची वजाबाकी

बीजगणित नुकतेंच शिकूं लागलेल्या मुलाच्या वहींत तांबड्या शाईची फुली बहुधा एकाच जागीं सांपडते. बेरीज त्याला येते. परंतु एका बहुपदींतून दुसरी वजा करावयास सांगितली कीं चिन्ह चुकतें. घरांतील वडील माणसें ‘लक्ष नाहीं’ म्हणून सुटतात. दोष लक्षाचा नसून समजुतीचा असतो.

५क्ष² − ३क्ष + ७ यांतून २क्ष² − ८क्ष + १० वजा करावयाचे आहेत, असें समजा. पांचांतून दोन गेले, ३क्ष² राहिले, हें मुलगा बरोबर लिहितो. पुढें मात्र −११क्ष + १७ असें उतरवितो. वजाबाकीचें चिन्ह कंसांतील पहिल्याच पदाला लागतें, अशी त्याची कल्पना; वास्तविक तें साऱ्या कंसाला लागतें. कंसांतील ८क्ष ऋण आहेत. कोणाच्या नांवावरचें कर्ज कमी झालें, तर त्याची मालमत्ता तेवढ्यानें वाढते. म्हणून ऋण वजा करणें म्हणजे धन मिळविणें. ब्रह्मगुप्तानें इ. स. ६२८ मध्यें ब्राह्मस्फुटसिद्धान्तांत हा नियम धन व ऋण याच शब्दांत सांगितला आहे. तेव्हां खरें उत्तर ३क्ष² + ५क्ष − ३. ताळा पाहण्यासाठीं क्षच्या जागीं २ घालावे: २१ मधून २ गेले, १९ राहिले, आणि उत्तरही १९ च येतें. मुलाच्या उत्तराचे ७ होतात. (ताळ्याला १ घेऊं नये, १ चा वर्ग १ च असल्यामुळें क्ष² व क्ष यांचा घोटाळा त्यांत लपून राहतो.)

हा घोटाळा विजातीय पदें एकत्र केल्यानें होतो. भास्कराचार्यांच्या बीजगणितांत पहिल्या अव्यक्ताला यावत्तावत् आणि पुढच्यांना कालक, नीलक, पीतक, लोहितक अशीं रंगांचीं नांवें आहेत. एका जातीच्यांचीच बेरीज किंवा वजाबाकी करावी, भिन्न जातींचीं वेगळीं ठेवावीं, असा तेथें दंडक आहे. काळ्यांत निळें मिळवूं नये, हें पोरालाही पटतें. आपलीं क्ष आणि य हीं अक्षरें इतकीं बोलकीं नाहींत.

एखादें पद मुळींच नसलें म्हणजे विद्यार्थी गोंधळतो. त्यावर नवव्या शतकांतील टीकाकार पृथूदकस्वामी यांची मांडणी फार सोयीची आहे. दोन समान पक्ष एकाखालीं एक लिहावयाचे, प्रत्येक जातीला स्वतंत्र रकाना द्यावयाचा, आणि पद नसेल तेथें शून्य मांडावयाचें. १०क्ष − ८ आणि क्ष² + १ हे पक्ष समान आहेत. वरच्या ओळींत वर्ग ०, अव्यक्त १०, रूप ऋण ८. खालच्या ओळींत वर्ग १, अव्यक्त ०, रूप १. ऋण अंकाच्या डोक्यावर एक टिंब देत. रकान्यारकान्यानें वरची ओळ खालचींतून वजा केली कीं क्ष² − १०क्ष + ९ उरतात, आणि पक्ष समान असल्यानें ही बाकी शून्य असलीच पाहिजे. समीकरण सोडविण्याची सारी वाट या एका वजाबाकींतून जाते. क्षच्या जागीं ९ घालून पाहावे. दोन्ही पक्ष ८२ भरतात. १ घातल्यास दोन्ही २ होतात.