कमान बांधण्याआधी



संयोजकांनी मला ‘जगातील प्रसिद्ध वास्तू’ हा विषय दिला आहे. ताजमहाल, पिरॅमिड यांचे फोटो सगळ्यांच्याच मोबाईलमध्ये आहेत, त्यांचं वर्णन करत बसत नाही. वास्तू टिकते कशी, एवढंच बोलतो.

पॅरिसचा आयफेल टॉवर १८८९च्या प्रदर्शनासाठी उभारला. परवाना फक्त वीस वर्षांचा. बांधकाम चालू असतानाच तिथल्या नामवंत लेखक-कलावंतांनी वर्तमानपत्रात निषेध छापला होता. तरी तो वाचला, आणि देखणेपणामुळे नव्हे. गुस्ताव आयफेलनं वर हवामानाची यंत्रं बसवली, बिनतारी संदेशाचे प्रयोग करू दिले. लष्कराला टॉवर कामाचा वाटला. आजही साधारण सात वर्षांनी त्याला रंग देतात, साठेक टन लागतो. लोखंड उघडं ठेवलं की गंजतं, हे आपल्या बसस्टँडवरच्या टपरीवाल्यालाही कळतं.

लंडनला वेलिंग्टनच्या नावाची मोठी कमान आहे. वॉटर्लूला नेपोलियनला हरवणारा हा वेलिंग्टन त्याआधी बारा वर्षं आपल्याच भागात होता, आर्थर वेलस्ली या नावानं. २९ नोव्हेंबर १८०३ला तेल्हारा तालुक्यातल्या अडगावला त्याची लढाई झाली आणि १५ डिसेंबरला त्यानं गाविलगड घेतला. दोन दिवसांनी देवगावचा तह झाला. वर्धेच्या पश्चिमेचा मुलूख नागपूरकर भोसल्यांच्या हातून गेला, पण गाविलगड आणि नरनाळा त्यांच्याकडेच राहिले.

नरनाळा म्हणजे आपला शेजारी! ज्या सातपुड्याच्या पायथ्याशी सोनाळा आहे, त्याच रांगेत पूर्वेकडे. तिथला महाकाली दरवाजा १४८७चा, फतेहुल्ला इमाद-उल-मुल्कच्या काळातला. ताजमहालाचं काम सुरू व्हायला तेव्हा जवळजवळ दीडशे वर्षं होती. फिकट रंगाचा दगड, दोन्ही अंगांना कोरीव सज्जे, बारीक जाळ्या, कमळाची फुलं आणि वर ओळीनं कोरलेला लेख. त्या जाळीतून ऊन आत येतं ते बघायला सकाळीच जावं. दुपारी नुसता घाम निघतो. पुढे तलाव आहेत, लांबलचक नवगज तोफ आहे. मी पॅरिसला गेलो त्याआधी नरनाळा पाहिला नसता, तर तिथं माझ्याकडे तुलनेला काहीच नसतं.

आता मुद्द्यावर येतो. मेळाव्याच्या निधीतून शाळेला प्रवेशद्वाराची कमान बांधायची चर्चा चालू आहे. संगमरवरी पाटीवर देणगीदारांची नावंही येणार म्हणे. माझा विरोध नाही, माझंही नाव त्यात असेलच. पण सात वर्षांनी तिला रंग कोण देणार? छत गळलं तर पैसा कुठून? म्हणून निम्मी रक्कम बँकेत ठेव म्हणून ठेवावी. व्याजातून आधी वर्गांची डागडुजी व्हावी आणि दरवर्षी नववीच्या मुला-मुलींची एक सहल नरनाळ्याला जावी. कमान थोडी बुटकी झाली तर होऊ द्या.

किल्ला अभयारण्यात आहे, त्यामुळे वनखात्याची परवानगी लागेल. शहानूरच्या बाजूनं जावं लागेल. यंदाच्या बसचा खर्च मी देतो. तारीख सरांनी ठरवावी, फक्त दिवाळीनंतरची असावी, कपाशीची वेचणी चालू असते तेव्हा मुलं मिळत नाहीत, तेवढं बघून.