मिसेस डिसा आणि इतर बायका

(कुळगाव येथील वसंत व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानातून)



ललिता पवार हे नाव घेतल्याबरोबर तुमच्यापैकी अनेकांना मंथरा आठवली असेल. १९८७ साली रविवारी सकाळी दूरदर्शनवर 'रामायण' लागलं की कुळगाव काय नि अंबरनाथ काय, रस्ते ओस पडायचे. कैकेयीचे कान भरणाऱ्या त्या म्हातारीला घरोघरच्या आज्या मनापासून शिव्या घालायच्या. तेव्हा ललिताबाईंनी सत्तरी ओलांडली होती आणि कॅमेऱ्यापुढे उभं राहून त्यांना साठ वर्षं होत आली होती.

जन्म १९१६ चा, येवल्याचा. मूळ नाव अंबा सगुण. मूकपटांत बालकलाकार म्हणून आल्या, पुढे नायिका झाल्या, १९३८ साली 'दुनिया क्या है' हा बोलपट स्वतः काढला. १९४२ मध्ये 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात थोबाडीत बसली ती इतकी जोरात, की चेहऱ्याला पक्षाघात झाला आणि डावा डोळा कायमचा अधू झाला. ही हकिगत सगळीकडे सांगितली जाते आणि तिला जोडून म्हटलं जातं की या डोळ्यानेच त्यांना खलनायिका केलं. मला हे अजिबात पटत नाही. डोळ्याने नायिकेची वाट बंद केली, एवढंच खरं. १९४४ च्या 'रामशास्त्री'तली आनंदीबाई डोळ्याच्या जोरावर उभी राहत नाही. तिथे लागते अभिनयाची तयारी, आणि ती मूकपटापासूनची होती.

१९५० मध्ये शांतारामबापूंच्या 'दहेज'मधली सासू गाजली आणि 'खाष्ट सासू' हा शिक्का बसला तो बसलाच. आपण प्रेक्षक अशा शिक्क्यांवर फार लवकर समाधान मानतो. १९५५ साल घ्या. त्या एका वर्षात 'श्री ४२०'मधली गंगामाई आणि 'मिस्टर अँड मिसेस ५५'मधली सीतादेवी अशा दोन्ही बायका त्यांनी केल्या. एक मुंबईच्या फुटपाथवर केळी विकणारी. नवखा राज तिच्याशी उलटाच भाव करतो, तिने सांगितलेल्यापेक्षा जास्त पैसे देऊन कमी केळी मागतो, तेव्हा तिच्या तोंडावर आधी वैताग, मग संशय आणि मग माया कशी येते ते नीट बघा. दुसरी श्रीमंत, पुरुषद्वेष्टी आत्या. भाचीचं लग्न लावते तेसुद्धा घटस्फोटाची सोय करून. हीच बाई ती, हे सांगितल्याशिवाय लक्षात येऊ नये इतकी दोघींची मान वेगळी, चाल वेगळी, आवाजाची पट्टी वेगळी.

'जंगली'मध्ये घरात हसायलाही बंदी करणारी आई आहे. तिच्यावर वेळ घालवत नाही. 'प्रोफेसर' मात्र आवर्जून पाहा. १९६२ चा. त्यातली करारी बाई म्हाताऱ्याच्या वेषातल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडते, नटू-सजू लागते, लाजते. उतारवयातल्या बाईचं प्रेम आपल्याकडे हसण्यावारी नेण्यासाठीच असतं. ललिताबाई हसवतात, पण त्या बाईची अब्रू जाऊ देत नाहीत. आयुष्यभर दुसऱ्यांना धाक दाखवण्यात जिची उमेद गेली, तिचं एकटेपण आपल्याला तिथे पहिल्यांदा दिसतं. त्यांच्या सगळ्या कडक बायकांच्या मुळाशी मला हेच दिसतं. घराबाहेर कुठेच सत्ता नसलेल्या या बायका घरात ती गाजवतात.

आणि मिसेस डिसा! १९५९ चा 'अनाडी', दिग्दर्शक हृषीकेश मुखर्जी. राज कपूरची ही ख्रिस्ती घरमालकीण तोंडाने सारखी फटकारते आणि त्याच तोंडाने त्याची काळजी करते. तापासाठी घेतलेल्या औषधाने ती मरते. औषध विषारी, आणि ते बनवणारी कंपनी राज जिथे नोकरी करतो तीच. सगळी कथा त्या मरणावर उभी आहे. मधल्या दोन तासांत म्हातारी आपल्या घरातली झाली नसती, तर पुढचा खटला कोरडा कायदेशीर मामला झाला असता. नायकाचा प्रामाणिकपणा खरा वाटतो तो तिच्यामुळे. या भूमिकेला सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं.  

बारा वर्षांनी, १९७१ मध्ये, हृषीदांनी 'आनंद' केला. त्यात रुग्णालयातल्या कडक मेट्रनचं काम त्यांनी ललिताबाईंनाच दिलं, आणि त्या मेट्रनचं नावही डिसाच ठेवलं.