पत्ता नसलेले पुणेकर

इअरफोन लावलेत ना? मग ऐका.

सिग्नलला गाडी थांबते. कुणी गजरा पुढे करतं, कुणी फुगा. ही माणसं रात्री झोपतात कुठे, हा प्रश्न हिरवा दिवा लागेपर्यंतच आपल्या डोक्यात टिकतो. यातली काही कुटुंबं पारधी आहेत. महाराष्ट्रातली अनुसूचित जमात, म्हणजे आदिवासी.

फास लावून तित्तर, लावे पकडणारे ते फासे पारधी. इंग्रजांनी १८७१ मध्ये गुन्हेगार जमाती कायदा आणला आणि पुढे अशा कितीतरी जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरल्या. पोलिसांकडे हजेरी द्यायची, गाव सोडायला परवानगी घ्यायची. ३१ ऑगस्ट १९५२ ला हा कायदा देशभरातून गेला. पण नजर गेली का? गावात चोरी झाली की आधी पालावरच्याला उचलतात. १९७२ च्या वन्यजीव कायद्याने शिकारही बंद झाली. मग उरलं काय? शहराची वाट.

शहरात खोली भाड्याने मागितली की आडनाव विचारतात. मग पुलाखाली पाल पडतं, आणि एक दिवस अतिक्रमणाची गाडी येते. सामानासोबत कागदही जातात.

खरी गोम इथेच आहे. घरकुल योजना आहेत, पण त्यांना जातीचा दाखला लागतो. अनुसूचित जमातीच्या दाखल्यासाठी ६ सप्टेंबर १९५० पूर्वीचा रहिवास दाखवायचा. फिरत्या माणसाचं नाव ना सातबाऱ्यावर, ना शाळेत. असलंच तर पोलिसांच्या रजिस्टरमध्ये! घर नाही म्हणून कागद नाही, कागद नाही म्हणून घर नाही.

ऑक्टोबर २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने बजावलं, की विमुक्त जमातींच्या लोकांना मनमानी पद्धतीने अटक होता कामा नये. चांगलंच झालं. पण कोर्ट काही भाड्याने खोली देत नाही. ती द्यायची आपणच.

आणि एक कामाची गोष्ट सांगतो. बेघर माणसालाही मतदार होता येतं. पत्त्याचा पुरावा लागत नाही. निवडणूक कर्मचारी रात्री येऊन तो तिथेच झोपतो का, एवढं बघतो. फॉर्म ६ भरायला कुणाला तरी मदत करा. निदान एका कागदावर तरी लिहिलेलं असेल, की हा माणूस पुण्याचा आहे.

भेटू पुढच्या भागात. ऐकत राहा, आणि हा भाग तुमच्या घरमालकालाही पाठवा!