साखर, शिक्का आणि हजेरी

(बिद्री, ता. कागल, जि. कोल्हापूर येथे युवक-युवतींसमोर केलेल्या भाषणाचा मजकूर)



आजचा विषय जरा जड शब्दांत ठरला आहे : ‘आदिवासी, जागतिकीकरण आणि आधुनिक साम्राज्यवादाचा वारसा’. असं काही वाचलं की वाटतं, हे विद्यापीठातल्या लोकांचं काम, आपल्या गावाचा त्याच्याशी काय संबंध? मला उलट वाटतं. हा विषय समजून घ्यायला बिद्रीइतकी सोयीची जागा क्वचित सापडेल, कारण इथं साखर होते. गेल्या पाचशे वर्षांच्या साम्राज्यवादाचा इतिहास ज्या मोजक्या पिकांवरून सांगता येतो, त्यांत ऊस फार वर आहे.

तारखाही जुळून आल्या आहेत. 9 ऑगस्ट हा जागतिक आदिवासी दिन. संयुक्त राष्ट्रसंघाने 1994 मध्ये तो ठरवला. 31 ऑगस्ट हा आपल्याकडचा विमुक्त दिन. या दोन तारखांच्या मधल्या दिवसांत आपण भेटतो आहोत, तेव्हा दोन्ही दिवसांचं बोलू.

साखरेपासूनच सुरुवात करतो. उसाच्या रसाची साखर करण्याची विद्या भारतातली. आपला ‘शर्करा’ हा शब्द फारसीत ‘शकर’ झाला, अरबीत ‘सुक्कर’ झाला आणि तिथून युरोपभर पसरला. अरबांनी ऊस सिसिली आणि स्पेनपर्यंत नेला. इथपर्यंतची गोष्ट सांगताना आपली छाती फुगते. पण इतिहास वाचायचा तर पुढचं पानही वाचायला हवं. दक्षिण इराकमध्ये बसऱ्याजवळच्या खाऱ्या जमिनी साफ करायला आफ्रिकेतून आणलेले गुलाम राबत होते. त्यांनी 869 मध्ये अब्बासी खिलाफतीविरुद्ध बंड केलं आणि ते 883 पर्यंत टिकलं. गुलामी ही एकट्या युरोपची निर्मिती नव्हती, हे आपण मोकळेपणाने म्हणायला हवं. तसं म्हटलं तरच पुढचं बोलायचा आपल्याला अधिकार राहतो.

मग आधुनिक साम्राज्यवादाने नवं काय केलं? कोलंबसाने 1493 च्या दुसऱ्या सफरीत कॅनरी बेटांवरून ऊस कॅरिबियन बेटांवर नेला. तिथले मूळ रहिवासी ताइनो. सक्तीची मजुरी, उपासमार आणि युरोपातून आलेले रोग यांनी काही दशकांत त्यांचा समाज उद्ध्वस्त झाला. मग राबायला आफ्रिकेतून माणसं आणली. साडेतीनशे वर्षांत सुमारे सव्वा कोटी माणसं जहाजांत कोंबली गेली आणि त्यांतला फार मोठा हिस्सा उसाच्या मळ्यांवर गेला. ब्रिटिश संसदेने 1833 मध्ये गुलामी बंद करण्याचा कायदा केला, तेव्हा दोन कोटी पौंड नुकसानभरपाई मंजूर झाली. ती गुलामांना मिळाली नाही, त्यांच्या मालकांना मिळाली. मळ्यांना नवे हात हवे होते. 1834 पासून भारतातून मॉरिशसला करारबद्ध मजूर जाऊ लागले. त्यांत हिंदू होते, मुसलमान होते, आणि मुंबई बंदरातून गेलेली कोकणातली मराठी माणसंही होती. मॉरिशसमध्ये आज मराठी शिकवली जाते, त्याचं मूळ उसाच्या फडात आहे. हवाईमध्ये 1893 साली ऊसमळेवाल्या गोऱ्या मंडळींनी अमेरिकी सैनिकांच्या पाठबळावर राणी लिलीउओकलानी हिला पदच्युत केलं. शंभर वर्षांनी, 1993 मध्ये, अमेरिकेच्या काँग्रेसने त्याबद्दल हवाईच्या मूळ रहिवाशांची माफी मागितली. जमीन मात्र माफीबरोबर परत आली नाही.

या सगळ्यांत एक साचा दिसतो. आधी माणसाची जमीन किंवा धंदा जातो. मग तो आळशी आहे, रानटी आहे, चोर आहे असं कागदावर लिहिलं जातं. आणि त्या शिक्क्यामुळे त्याचे श्रम स्वस्तात मिळतात, शिवाय त्याचं कुणाला वाईटही वाटत नाही. माझं आजचं सगळं म्हणणं या मधल्या पायरीबद्दल आहे. साम्राज्य निघून जातं, शिक्का मागे राहतो.

आता हा साचा आपल्याकडे लावून बघू. बंजारा समाज बैलांचे तांडे घेऊन धान्य आणि मीठ वाहायचा. मोगलांच्या, मराठ्यांच्या, इतकंच काय इंग्रजांच्या फौजांनाही रसद त्यांनीच पुरवली. मग मिठावर सरकारची पकड आली, 1853 पासून आगगाडी आली आणि तांड्यांचा धंदा मोडला. काम नसलेला, फिरता माणूस राज्यकर्त्यांना संशयास्पद वाटू लागला. 1871 मध्ये गुन्हेगार जमाती कायदा झाला. तो आधी उत्तर भारतात लागू होता. 1911 च्या कायद्याने त्याची व्याप्ती मुंबई इलाख्यासह देशभर झाली. या कायद्याखाली गुन्हा केल्यावर नव्हे, जन्मल्यावर माणूस गुन्हेगार ठरे. नाव नोंदवायचं, बोटांचे ठसे द्यायचे, ठरलेल्या वेळी हजेरी द्यायची, गाव सोडायचं तर परवाना घ्यायचा. सोलापुरात काटेरी तारांच्या कुंपणाआड अशा जमातींची वसाहत केली गेली. तिथली माणसं गिरण्यांत कामाला जात आणि हजेरीला परत येत. तो भाग अजून ‘सेटलमेंट’ याच नावाने ओळखला जातो. साच्याची तिसरी पायरी ती हीच.

तुम्हाला वाटेल, हे सगळं ‘त्यांच्या’बद्दल आहे. तसं नाही. महाराष्ट्राच्या विमुक्त जातींच्या यादीत 14 नावं आहेत : बेरड, भामटा, कैकाडी, कंजारभाट, बंजारा, पारधी, रामोशी, वडार वगैरे. त्यांत एक नाव छप्परबंद आहे. हा मुसलमान समाज. फौजांच्या तळांवर छपरं शाकारणं हा त्यांचा जुना व्यवसाय. ब्रिटिश दप्तराने त्यांना ‘खोटी नाणी पाडणारे’ ठरवलं आणि लहान मूलसुद्धा त्या शिक्क्यासकट जन्माला येऊ लागलं.

आणखी एक नाव सांगतो. जळगाव जिल्ह्यात सातपुड्याच्या पायथ्याशी, यावल, रावेर, चोपड्याकडे तडवी भिल्ल राहतात. ते मुसलमान आहेत आणि आदिवासीही आहेत. अनुसूचित जमातींच्या यादीत तडवी भिल्ल हे नाव आहे आणि त्या यादीला धर्माची अट नाही. त्यांचं दुखणं वेगळं. त्यांच्या वाट्याला जंगल कायदा आला. 1878 च्या कायद्याने सरकारने जंगलं राखीव केली. पिढ्यानपिढ्या लाकूडफाटा, डिंक, मध आणणारा माणूस आपल्याच रानात चोर ठरला. आदिवासी आणि विमुक्त या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, त्यांची गल्लत करू नका. पण दोघांनाही चोर ठरवणारं दप्तर एकच होतं. म्हणून ‘मुसलमान’ आणि ‘आदिवासी’ असे दोन वेगळे कप्पे करून बोलणाऱ्याला तडवींची आणि छप्परबंदांची आठवण करून द्या.

हे सगळं अटळ होतं का? नव्हतं, आणि त्याचा पुरावा आपल्या कोल्हापुरात आहे. ब्रिटिश अंमलाखालच्या एका संस्थानात, जेव्हा इलाखाभर हजेरी चालू होती, तेव्हा शाहू महाराजांनी 1918 मध्ये या जमातींची हजेरी बंद केली. ज्यांना सगळे दरोडेखोर म्हणत, त्या फासेपारध्यांना त्यांनी सोनतळीच्या परिसरात आसरा दिला, कामं दिली आणि पहाऱ्यावरसुद्धा ठेवलं. याच राजाने 1906 मध्ये कोल्हापुरात मुस्लिम बोर्डिंगची व्यवस्था केली. आपण शाहूंचं नाव घेताना बोर्डिंग आठवतो, हजेरी विसरतो. त्यांच्या दृष्टीने ते एकच काम होतं. सरकारी हुकमाने मारलेला शिक्का सरकारी हुकमाने पुसता येतो, हे त्यांनी करून दाखवलं.

स्वतंत्र भारताने 31 ऑगस्ट 1952 रोजी गुन्हेगार जमाती कायदा रद्द केला. म्हणून तो विमुक्त दिन. पण 1959 मध्ये मुंबई राज्यात सराईत गुन्हेगारांचा कायदा आला आणि भीक मागण्याला प्रतिबंध करणारा कायदाही त्याच वर्षी आला. त्यांत कुठल्या जमातीचं नाव नाही. पण ज्यांच्याकडे आधीपासून बोट दाखवलेलं, त्यांच्याकडेच पोलिसांची पावलं वळत राहिली. 3 ऑक्टोबर 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगांच्या नियमावल्यांतले जातीवर आधारलेले नियम घटनाबाह्य ठरवले. कैद्यांना जातीनुसार कामं वाटणं, विमुक्त जमातींना सराईत गुन्हेगार समजणं, हे नियम तोपर्यंत पुस्तकात होते. कायदा गेल्याला तोवर 72 वर्षं झाली होती.

कागदाची गंमत पाहा. विमुक्त जातीचा दाखला काढायचा तर महाराष्ट्रात 21 नोव्हेंबर 1961 पूर्वीचा पुरावा मागतात. ज्याच्या आजोबाला गाव नव्हतं, घर नव्हतं, शाळा नव्हती, तो 1961 चा कागद कुठून आणणार? साम्राज्याला पहारा ठेवायचा होता तेव्हा याच आजोबाचं नाव, ठसा, खुणा सगळं वहीत होतं. आज नातवाला शिष्यवृत्ती हवी आहे, तेव्हा त्याची नोंद कुठेच सापडत नाही.

आता जागतिकीकरण. आत्ता पावसाळा आहे, गाळप बंद आहे. दोन-तीन महिन्यांनी ऊसतोड मजूर येतील, कोप्या उभ्या राहतील. बीडकडची माणसं. त्यांत बंजारा आहेत, वंजारी, मराठा, दलित आहेत, मुसलमानही आहेत. मुकादमाकडून हंगामाआधी उचल घेतलेली असते. नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’ मोजला जातो. माणसाचं नाव हत्याराच्या नावात विरघळून जातं. उचल फिटली नाही तर पुढच्या हंगामाला बांधील. मॉरिशसच्या करारापेक्षा हे किती वेगळं आहे, याचा विचार तुम्हीच करा. साखरेचे भाव लंडन आणि न्यूयॉर्कच्या बाजारात हलतात. भाव पडला तर कारखान्याची, शेतकऱ्याची ओरड होते आणि ती रास्त असते. पण या साखळीत सगळ्यात खालच्या कडीला ओरडायलाही जागा नाही. बीड जिल्ह्यात ऊसतोड करणाऱ्या बायकांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न 2019 मध्ये इतका गाजला, की राज्य सरकारला चौकशी समिती नेमावी लागली. पाळीच्या दिवसांत खाडा झाला तर दंड, म्हणून गर्भाशयच नको, इथपर्यंत माणूस ढकलला जातो.

मी कुणाला ऊस लावू नका असं सांगायला आलेलो नाही. इथल्या घराघरांत उसाच्या बिलावर मुलं शिकली आहेत. पण ज्यांच्या कोयत्यावर ती शिकली, त्यांची मुलं हंगामात शाळेबाहेर असतात, एवढं तरी लक्षात ठेवू.

आता आपल्याबद्दल. तुमच्यातल्या अनेकांना शहरात खोली शोधताना नाव सांगितल्यावर ‘कळवतो’ असं उत्तर मिळालं असेल. कुठं काही घडलं की अख्ख्या मोहल्ल्याकडे बघण्याची नजर बदलते. जन्मावरून संशय म्हणजे काय, हे आपल्याला पुस्तकातून शिकावं लागत नाही. म्हणूनच आपली जबाबदारी जास्त आहे. गावात पाल पडलं की ‘दारं लावून घ्या, पारधी आलेत’ असं आपणही म्हणतो. मशिदीत एका रांगेत उभे राहतो, पण सोयरीक करताना छप्परबंद, दरवेशी, शिकलगार म्हटलं की ‘बघू’ म्हणतो. पॅलेस्टाइनसाठी आपण मोबाइलवर स्टेटस ठेवतो. तो अन्यायच आहे, बोललंच पाहिजे. पण ज्याला दूरचा साम्राज्यवाद दिसतो आणि दारातला शिक्का दिसत नाही, त्याचा राग अर्धा आहे.

करायचं काय? तीन साधी कामं सांगतो. पहिलं, या हंगामात आपापल्या गावच्या कोप्यांवर जा, शाळेच्या वयाची मुलं किती आहेत ते लिहून काढा आणि ती यादी मुख्याध्यापकांकडे द्या. शिक्षणहक्काच्या कायद्याने त्यांना जवळच्या शाळेत बसवून घ्यावंच लागतं. दुसरं, तुमच्यातले जे कायदा शिकताहेत, सेतू केंद्रात काम करताहेत, त्यांनी विमुक्त कुटुंबांच्या दाखल्यांच्या कामात बसावं. एक दाखला निघाला की त्या घरातल्या पुढच्या मुलांची वाट सोपी होते. तिसरं, येत्या 31 ऑगस्टला विमुक्त दिनाच्या कार्यक्रमाला श्रोते म्हणून जा. भाषण करायला नको, ऐकायला जा.

साम्राज्याने वह्या भरून माणसांची नावं लिहिली होती, ती त्यांच्यावर पहारा ठेवण्यासाठी. आपण या वर्षी कोप्यांवरच्या मुलांची नावं लिहू, ती शाळेच्या पटावर चढवण्यासाठी. यादी करायला एक वही आणि दोन रविवार पुरतात. हंगाम सुरू व्हायच्या आत गट पाडून घ्या, कोण कुठल्या गावाला जाणार ते आजच ठरवा.