नगरच्या किल्ल्यातील मौलाना



मौलाना अबुल कलाम आझाद १८८८ साली मक्केत जन्मले, कलकत्त्यात वाढले. कुराणाचे हे भाष्यकार १९१२ मध्ये ‘अल-हिलाल’ काढून इंग्रजी सत्तेविरुद्ध उभे राहिले. १९४२ मध्ये काँग्रेसचे अध्यक्ष असताना त्यांना नगरच्या किल्ल्यात डांबले. एप्रिल १९४३ मध्ये कलकत्त्यात पत्नी झुलेखा बेगम वारल्या; भेटीसाठी त्यांनी सरकारपुढे हात पसरला नाही.

रामगड अधिवेशनात, १९४० साली, त्यांनी मुसलमान असल्याचा आणि भारतीय असल्याचा अभिमान एकत्रच सांगितला होता. घरात मराठी जपून पिढ्यान्‌पिढ्या या मुलखाचे झालेल्या आपल्याला ते वेगळे समजवावे लागत नाही. पण शेजारी तेच म्हणतो, तेव्हा आपण त्याच्यावर विश्वास ठेवतो का? आज एवढेच स्वतःला विचारू या.