शकुनाची खातेवही



आचार्य समंतभद्रांनी ‘रत्नकरंड श्रावकाचारा’त लोकमूढता, देवमूढता आणि गुरुमूढता अशा तीन मूढता वर्णिल्या आहेत. नदी-समुद्रात स्नान केल्याने किंवा वाळू-दगडांचे ढीग रचल्याने धर्म घडतो असे मानणे, ही लोकमूढता. परभणीच्या कापडपेठेत वाळूचे ढीग कोणी रचत नाही. तेथे शनिवारी लिंबू-मिरची टांगली जाते.

पेठेचा दिवस शकुनानेच उघडतो. पहिले गिऱ्हाईक रिकाम्या हाती परतू नये, म्हणून बोहनीला खरेदीच्या भावातही कापड फाडले जाते. व्यापाऱ्याला तोटा चालतो, अपशकुन चालत नाही! रात्री दुकान ‘बंद’ होत नाही, ते ‘वाढवले’ जाते. खरी मौज पितृपक्षाची. दशलक्षण पर्वात दहा दिवस कर्मसिद्धांतावरील प्रवचने ऐकलेला श्रावक पुढील पंधरवड्यात नवे वस्त्र घेण्यास कचरतो; आणि दिवाळीचा माल भरण्यासाठी सुरतेला जायला दुकानदाराला तोच पंधरवडा सोयीचा वाटतो!

जिंतूरजवळच्या नेमगिरीला दर्शनास निघालेली मोटारही मांजर आडवे गेले की थांबते. मागचे वाहन आधी पुढे जावे, मग आपण निघावे. म्हणजे संकट त्याने न्यावे आणि दर्शन याला घडावे! मांजर तर बिचारे उंदराच्या शोधात निघालेले असते. कर्माच्या खातेवहीत एकाची बाकी दुसऱ्याच्या नावे टाकता येत नाही.

येथवर हसता येते. परंतु बोहनीच्या वेळी पायरीशी आलेल्या विधवा भगिनीला ‘थोड्या वेळाने या’ म्हटले जाते, पोटच्या मुलीच्या लग्नातही तिला मागे उभे केले जाते, तेव्हा विनोद संपतो आणि हिंसा सुरू होते. मनाने व वचनाने केलेली हिंसा ही हिंसाच होय. मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाड गावाने विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला. एका खेड्याला जे साधले, ते अहिंसेला परम धर्म मानणाऱ्या समाजाला अवघड नसावे.

लिंबू-मिरचीला थोडेच पैसे लागतात; या दुसऱ्या शकुनाची किंमत मात्र एका निरपराध जीवाला जन्मभर मोजावी लागते. सुवर्णमहोत्सवानंतरच्या प्रत्येक मंगलकार्यात पहिला दीप अशाच एखाद्या मातेच्या हस्ते उजळावा. समाजाची खरी बोहनी तीच ठरेल.

जय जिनेंद्र!